चाल आधी, शब्द मागून

१९९१च्या पावसाळ्यात माझी बदली मडगावला झाली. बेळगावच्या माणसाला गोवा म्हणजे काही परमुलूख नव्हे. लोंड्याला गाडी बदलायची, मीटरगेजच्या डब्यात खिडकी पकडायची, दूधसागराचे तुषार अंगावर घ्यायचे आणि चहाच्या वेळेला मडगावात उतरायचं. पण बायकोमुलं शहापुरात आणि आपण इथं, म्हटल्यावर संध्याकाळ खायला उठते. बँकेतल्या एका सहकाऱ्यानं त्याच्या मामांच्या घरातली वरची खोली मला मिळवून दिली, आणि त्या घरात माझ्या संध्याकाळी मार्गी लागल्या.

मामा सत्तरीचे, विधुर. उभा जन्म मुंबईत ट्रंपेट वाजवण्यात गेलेला. आधी हॉटेलांतल्या जॅझ बँडमध्ये, मग हिंदी सिनेमाच्या वाद्यवृंदांत. पुढचे दात पडले तशी ट्रंपेट पेटीत गेली आणि मामा गावी परतले. सी. रामचंद्रांच्या ‘अलबेला’तल्या (१९५१) ज्या गाण्यांवर आपले आईवडील ठेका धरत, त्यांच्यामागे चिक चॉकलेट नावाच्या गोवेकर ट्रंपेटवाल्याचा हात होता, शंकर-जयकिशनांच्या वाद्यवृंदाची बांधणी सेबॅस्टियन डिसूझा करत, प्यारेलाल व्हायोलिन शिकले ते अँथनी गोन्साल्विसांकडे. हे सगळं मला मामांनी सांगितलं. चर्चच्या शाळेत नोटेशन गिरवलेली ही मंडळी रात्री हॉटेलात जॅझ वाजवायची आणि सकाळी स्टुडिओत आपली गाणी. म्हणजे जॅझ आमच्या शहापूरच्या घरात रेडिओवाटे केव्हाच आलं होतं, फक्त आम्हांला त्याचं नाव माहीत नव्हतं.

मी दर खेपेला बेळगावहून कुंदा न्यायचो. दातांवाचून खाता येणारा पदार्थ म्हणून मामांची त्याच्यावर भारी मर्जी. कुंद्याच्या बदल्यात मला तबकड्या ऐकायला मिळत. बहुतेक माझ्या डोक्यावरून जात. अशाच एका पावसाच्या रात्री, गेलेली वीज नुकतीच परत आली असताना, त्यांनी एक तबकडी बाहेर काढली. बोटीवर नोकरी करणाऱ्या पुतण्यानं कुठल्याशा बंदरातून आणलेली. वेष्टनावर रंगांचे सैल फराटे. “ही बायल गायता आनी चित्रांय काडटा,” मामा म्हणाले. ते चित्रही तिचंच होतं. मी काहीतरी विचारणार तोच त्यांनी हात वर केला. “आयक. उलय नाका.”

आधी ऐकू आला तो गलका. कुणाच्या तरी वाढदिवसाला माणसं जमलीत, हसतायत, बेसूर गातायत. मला वाटलं तबकडीत काहीतरी बिघाड आहे. मग एक गिटार, तारेवर चापटी मारल्यासारखी. मग एक जाड, घसरता सूर. तो बासगिटारचा होता, पण ठेका देण्याऐवजी तो चक्क बोलत होता. आणि त्यावर एका बाईचा आवाज, जो धड त्या सुरावर बसत नव्हता आणि धड उठतही नव्हता. गाणं संपलं की पुन्हा बोलणं. एक जड आवाजाचा माणूस काहीतरी सांगतोय, मागे घरातले आवाज. परत गाणं. परत बोलणं.

तबकडी संपली तेव्हा मी प्रामाणिकपणे सांगितलं की मला आवडली नाही. मामा हसले. म्हणाले, तो बोलणारा माणूस ह्या चाली करताना मरत होता. त्याचे हात गेले होते. चाली गुणगुणून टेपवर ठेवायचा, आणि ह्या बाईनं त्यांना शब्द दिले.

मी काही न बोलता वर खोलीत गेलो. मामांना वाटलं मला झोप आली.

*

ती तबकडी ‘मिंगस’. गायिका जोनी मिचेल. १९७९च्या जूनमध्ये निघाली. पुढे मी तिच्याबद्दल मिळेल ते वाचत गेलो, म्हणून थोडं सविस्तर सांगतो.

जोनी जन्मानं कॅनडाची, १९४३ची. नवव्या वर्षी तिला पोलिओ झाला आणि डावा हात कायमचा अधू राहिला. गिटारवर नेहमीच्या पकडी धरायला ती बोटं पुरी पडत नव्हती, म्हणून तिनं ताराच वेगळ्या लावायला सुरुवात केली. हाताला जमेल तसं वाद्य वळवलं. तिच्या गाण्यांची ती चमत्कारिक, कुठं टेकतील न कळणारी स्वरसंगती त्यातून आली. आधी ती कॉफीहाउसांतून लोकगीताच्या वळणाची गाणी गाई. १९७१च्या ‘ब्लू’नं तिला मोठं नाव मिळालं. तेवढ्यावर जन्म काढता आला असता. पण ही बाई एका जागी बसणारी नव्हे. सत्तरच्या दशकात ती हळूहळू जॅझच्या वादकांत जाऊन बसली, आवाजही खाली उतरवला, आणि १९७७च्या शेवटी ‘पॅप्रिका प्लेन्स’ नावाचं एक लांबलचक गाणं काढलं. त्यात तंतुवाद्यांचा आणि पियानोचा सूर एकमेकांना नीट लागत नाही. ते गाणं चार्ल्स मिंगसनं ऐकलं.

मिंगस म्हणजे अमेरिकेतला थोर डबलबासवाला आणि त्याहून थोर रचनाकार. पुरुषभर उंचीचं ते उभं वाद्य तो एखाद्या मल्लासारखं वाजवी, म्हणतात. स्वभाव आगीचा. जन्म १९२२चा, नोगालेसचा. नकाशात पाहिलंत तर हे गाव अमेरिका आणि मेक्सिको यांच्या ऐन सीमेवर आहे. (आपल्याकडच्या वाचकाला हे सांगितल्यावर तो जरा सरसावून बसतो, हा माझा अनुभव आहे.) रक्तानं तो काळा, पण त्यात इतर वंशांची सरमिसळ, कुठल्याच बाजूचे लोक आपल्याला पुरतं आपलं मानत नाहीत, हा काटा त्याच्या आत्मचरित्रभर सलत राहतो.

१९७७च्या अखेरीस डॉक्टरांनी त्याला सांगितलं की स्नायूंना हुकूम देणाऱ्या मज्जापेशी मरत चालल्या आहेत. वर्षभरात तो चाकाच्या खुर्चीत. १९७८च्या जूनमध्ये राष्ट्राध्यक्ष कार्टरनी व्हाइट हाउसच्या हिरवळीवर जॅझचा मोठा जलसा भरवला, तेव्हा सगळे मिंगससाठी उभे राहिले, आणि तो त्या खुर्चीत ढसढसा रडला. हात उचलत नव्हता. ह्या दुखण्यात बुद्धी आणि कान शेवटपर्यंत शाबूत राहतात. मी हे पुस्तकातून शिकलो नाही.

मिंगसनं जोनीला निरोप धाडला. पहिली कल्पना अशी की एलियटच्या ‘फोर क्वार्टेट्स’मधले उतारे कुणीतरी भारदस्त आवाजात वाचायचे आणि मधूनमधून जोनीनं तोच आशय साध्या बोलीत गायचा. आपल्याकडे मर्ढेकरांच्या निमित्तानं एलियटशी झटलेले वाचक आहेत. त्यांना तिचं उत्तर आवडेल. तिनं ते पुस्तक वाचलं आणि कळवलं, एवढ्यापेक्षा बायबलचा संक्षेप करणं सोपं. मग मिंगसनं खास तिच्यासाठी सहा चाली केल्या. ती न्यूयॉर्कला जाऊन राहिली, त्याच्या घरी जाऊन बसू लागली. भेटल्यावर त्यानं आधी काय सांगितलं असेल, तर त्या लांबलचक गाण्यातली तंतुवाद्यं बेसूर आहेत म्हणून. तिला माणूस तिथंच आवडला.

एका चालीचा अर्थ काय, असं तिनं विचारलं. तो म्हणाला, ज्या गोष्टींना मी आता मुकणार आहे त्यांच्याबद्दल आहे ती. त्या चालीचं ‘अ चेअर इन द स्काय’ झालं: उंच इमारतीतली खिडकी, तिच्यापाशी खुर्चीत बसलेला माणूस, खाली पसरलेलं शहर. एका जागी ती त्याला अपेक्षित स्वर घेईना. तो चिडला, हा स्वर जुनाट आहे म्हणाला. ती म्हणाली, इतका जुनाट की आता पुन्हा नवा वाटतो. त्यावर त्यानं एक शिवी हासडली आणि फर्मावलं, मग तुझा स्वर घाल, माझाही घाल, आणि वर दोन कण लाव. ही गोष्ट मी वाचली तेव्हा मला त्या दोघांचा फार हेवा वाटला. एक मरणारा आणि एक शब्द शोधणारी, आणि भांडण कशावर, तर एका स्वरावर.

*

माझे काका, म्हणजे वडिलांचे धाकटे भाऊ, तरुणपणी नाटक कंपन्यांतून ऑर्गनवर साथ करत. कंपन्या मोडल्यावर शहापुरातल्या घरी पुढच्या खोलीत पायपेटी मांडून शिकवण्या करू लागले. लग्न केलं नाही. आमच्या गल्लीत मागांचा खटका पहाटेपासून चाले, आणि त्या खटक्यावर काकांची पेटी. लहानपणी मला वाटायचं की माग पेटीची साथ करतात.

१९८६च्या दिवाळीच्या सुमाराला त्यांची उजवी करंगळी ऐकेनाशी झाली. मग अनामिका. थंडीमुळे असेल म्हणून तेल लावलं. मिरजेच्या डॉक्टरांनी तपासून आजाराचं इंग्रजी नाव सांगितलं; ते नीट म्हणायला मला चार दिवस लागले. मिंगसचं जे दुखणं तेच.

पुढच्या संक्रांतीनंतर काकांनी माझ्याकडून टू-इन-वन आणि कोऱ्या कॅसेटी मागून घेतल्या. बँकेतून आल्यावर मी पाहायचो, ते डोळे मिटून गुणगुणतायत आणि उशाला यंत्राचा लाल दिवा लागलाय. चार चाली झाल्या. एक संध्याकाळची, मारव्याच्या अंगाची. एक अगदी भजनासारखी सरळ. उरलेल्या दोहोंना मला नाव देता येत नाही. एक दिवस मला जवळ बसवून म्हणाले, “चाली तयार हायत. आता तू शब्द घाल. कवी नव्हे तू?”

होतो खरा. दोन-तीन नियतकालिकांत कविता आल्या होत्या, सगळ्या मुक्तछंदात. चालीवर शब्द बेतणं म्हणजे शिंप्याचं काम, असं माझं त्या वेळचं प्रामाणिक मत होतं. ज्यांच्या पेटीखाली मी वाढलो त्यांनी आयुष्यभर अशाच शिवलेल्या पदांची साथ केली होती, हे माझ्या ध्यानातही आलं नाही. अण्णासाहेब किर्लोस्कर आमच्याच जिल्ह्यातल्या गुर्लहोसूरचे. १८८०चं ‘शाकुंतल’ आणि त्यामागची सगळी संगीत नाटकं ही पुष्कळशी आधी असलेल्या चालींवर लिहिली गेली. पदांच्या जुन्या पुस्तकांत पदाच्या डोक्यावर ‘चाल’ म्हणून मूळ गाण्याचा दाखला छापलेला असे. मी तो दाखला हजारदा वाचला होता. पण स्वतःवर वेळ आल्यावर म्हणालो, “लिहितो की काका, जरा निवांतपणा मिळू दे.”

निवांतपणा मिळाला नाही असं नाही. मी तो दुसरीकडे खर्चला. ‘काय करूलालास रे, झाले काय शब्द?’ हे विचारणंही काकांनी हळूहळू सोडून दिलं, कारण जीभ जड होत चालली होती आणि प्रत्येक शब्दाला श्रम पडत.

आमच्या समोर एक विणकर कुटुंब राहायचं, घरात कानडी. त्यांची मुलगी काकांकडे पेटी शिकायला येई. सतरा-अठराची असेल. काकांची बोटं थांबल्यावरही ती यायची थांबली नाही; ते गुणगुणत आणि ती पेटीवर काढी. एका संध्याकाळी मी घरात शिरतो तो ती गातेय. ती मारव्याची चाल, आणि कानडी शब्द. तिनं स्वतः लिहिलेले. त्यात ‘लाळी’ हा शब्द सारखा यायचा. मी विचारलं तशी म्हणाली, “लाळी म्हंजे आपला धोटा की, अण्णा.” मागावर इकडून तिकडे, तिकडून इकडे जाणारा धोटा. काकांचे डोळे वाहत होते. पुसायला हात उचलत नव्हता, म्हणून तिनंच पदराच्या टोकानं पुसले.

ते साल कुठलं ते ध्यानात घ्या. १९८६च्या जूनमधल्या कन्नडसक्तीविरोधी आंदोलनातल्या गोळीबाराला पुरतं दीड वर्ष झालं नव्हतं. ज्यांच्या घरात माणूस गेलं त्यांच्यातले काही माझ्या ओळखीचे होते. मी मोर्चात होतो. त्या मुलीवर राग धरण्यासारखं काही नव्हतं, हे मला तेव्हाही कळत होतं. तरी ती गेल्यावर मी म्हणालो, “काका, आपल्या चालीवर कानडी शब्द?”

काका बराच वेळ घेऊन, एकेक शब्द सोडवत बोलले. “कंपनीत आमी कानडी चालीवर मराठी पदं वाजवली. जन्मभर. तवा न्हाई इचारलास.”

१९८८च्या माघात काका गेले. तीन चाली कोऱ्याच राहिल्या.

*

‘गुडबाय पोर्क पाय हॅट’ ही त्या तबकडीतली शेवटची आणि मला सगळ्यांत जवळची रचना. चाल जुनी, १९५९ची. लेस्टर यंग नावाचा सॅक्सोफोनवाला त्या वर्षी मार्चमध्ये वारला. तो चपटी, गोल टोपी घाली. मिंगसनं त्याच्या आठवणीत ही चाल केली, शब्दांवाचून. वीस वर्षांनी तिला शब्द घालायला जोनी बसली आणि शेवटच्या कडव्याशी अडली. काही केल्या सुचेना. मग एका रात्री न्यूयॉर्कच्या भुयारी गाडीतून एक गल्ली आधीच उतरली, तर एका दारूगुत्त्याच्या छताखाली दोन लहान काळी पोरं नाचतायत आणि भोवती माणसं उभी आहेत. वर पाहते तो पाटीवर त्याच टोपीचं नाव, आणि भिंतीवर लेस्टर यंगची छायाचित्रं. शेवटचं कडवं तिथं रस्त्यावर सापडलं.

असल्या योगायोगांवर मी सहजी विश्वास ठेवत नाही. तबकडीच्या वेष्टनावर तिनंच लिहिलेला दुसरा एक आहे: मिंगस ५ जानेवारी १९७९ रोजी मेक्सिकोत क्वेर्नावाका इथं वारला, वयाच्या ५६व्या वर्षी, दुसऱ्या दिवशी त्याला अग्नी दिला, आणि त्याच दिवशी मेक्सिकोच्या किनाऱ्याला ५६ देवमासे येऊन लागले. जगात माणसं रोज मरतात, देवमासेही किनाऱ्याला लागतात. मोजदाद जुळवणारा मनात बसलेला असतो. पण गुत्त्याची गोष्ट मला पटते. कारण ती शोधत होती. शोधणाऱ्याला पाटी दिसते. मी तर त्या दिवसांत शहापूरच्या गल्लीतून मान खाली घालून जात होतो.

एक सोडून सगळी गाणी मिंगसनं ऐकली. राहिलेलं एक, त्याच्या आत्मचरित्राच्या सुरुवातीच्या पानांवरून तिनं बांधलेलं, तो गेल्यावर दोन दिवसांनी पुरं झालं. सहा चालींपैकी काहींनाच शब्द मिळाले, हेही मी मुद्दाम सांगतो. तिच्याही हातून सगळं झालं नाही. तबकडीत गाणी सहा, त्यांतली चार मिंगसच्या चालीवर, दोन तिची स्वतःची.

वादनाबद्दल मामा तासन्‌तास बोलत. बासगिटारवर जाको पास्टोरियस. त्याच्या वाद्याला पडदे नव्हते, म्हणून सूर सरोदासारखा मींड घेत जातो. मी पहिल्या रात्री ज्याला घसरता सूर म्हटलं तो हाच. सॅक्सोफोनवर वेन शॉर्टर, विजेच्या पियानोवर हर्बी हॅन्कॉक, ड्रमवर पीटर अर्स्किन. ही मंडळी गाणाऱ्या बाईच्या मागे उभी राहत नाहीत, तिच्या आजूबाजूनं चालतात. ती थांबली की कुणीतरी तिचं वाक्य पुरं करतं. आपल्याकडे पेटीवाला गवयाची तान संपता संपता उचलतो, त्यातलाच प्रकार. मिंगसला विजेची वाद्यं आवडत नसत, आणि त्याच्यासाठीच्या तबकडीत तीच आहेत. जोनीनं आधी जुन्या पद्धतीच्या वादकांना घेऊन ध्वनिमुद्रणं करून पाहिली आणि बाजूला ठेवली. इथं मी तिच्या बाजूचा आहे. पण एका गाण्यात तिनं खऱ्या लांडग्यांचं ओरडणं घातलंय. ते लांडगे मला आजही उपरे वाटतात, मामांनाही वाटत. त्या गाण्याच्या वेळी ते चहा टाकायला उठत. जुगारात जिंकत सुटलेल्या एका लाँड्रीवाल्याचं गाणं लागलं की मात्र खुर्चीत बसल्या बसल्या त्यांची उजव्या हाताची तीन बोटं हवेत ट्रंपेटच्या कळा दाबायची.

तबकडी निघाली तेव्हा तिच्या जुन्या चाहत्यांना ती फितूर वाटली आणि जॅझवाल्यांना उपरी. आधीच्या तबकड्यांएवढी ती खपलीही नाही. आपण सीमेवरच्यांनी ह्यात नवल मानायचं कारण नाही. पुण्याला गेलो की आमची मराठी कानडी हेल काढून बोलून दाखवतात, आणि धारवाडला आमची कानडी ऐकून हसतात.

*

आता जे सांगायचं आहे ते सांगतो. त्या रात्री मी तबकडी ऐकून मुकाट्यानं वर का गेलो, ते.

काका गेल्यावर वर्षभरानं, १९८९ साली, मी त्यांची कॅसेट एका ध्वनिमुद्रणाच्या दुकानात नेली. चाली जपून ठेवाव्यात एवढाच हेतू. मूळ कॅसेट फार ‘घाण’ होती. मध्येच खोकला, मध्येच मागाचा खटका, आईची हाक, कुकरची शिट्टी, काकांचं कुणाशी तरी बोलणं. मी दुकानदाराला सांगितलं, हे सगळं काढून टाका, नुसत्या चाली ठेवा. त्यानं नेटकं काम केलं. एकामागून एक चार चाली, अकरा मिनिटं. मूळ कॅसेटवर पुढे घरात कुणीतरी रेडिओवरची गाणी भरली. मी विचारलंही नाही.

‘मिंगस’मध्ये गाण्यांच्या मध्ये जी बोलणी आहेत ती मिंगसची बायको सू हिनं घरी केलेल्या टेपवरची आहेत. जोनीनं ती मुद्दाम तशीच ठेवली, खरखरीसकट. त्या तुकड्यांना तबकडीवर ‘रॅप’ म्हटलंय; त्या काळच्या तिकडच्या बोलीत नुसत्या गप्पा. वाढदिवसाचा गलका, हसणं, थकलेला जड आवाज. सहा गाणी आणि पाच गप्पा. मडगावच्या त्या खोलीत पाऊस ऐकत पडल्या पडल्या मला कळलं की काकांचं गाणं माझ्यापाशी आहे, पण काका नाहीत. ते मी पैसे देऊन पुसून घेतलेत.

मिंगसच्या अस्थींचं काय झालं, ते मामांनी दुसऱ्या दिवशी सांगितलं. त्याला तरुणपणापासून वेदान्ताची ओढ होती. त्याच्या इच्छेप्रमाणे सूनं त्या भारतात आणून गंगेत सोडल्या. नोगालेसच्या सीमेवर जन्मलेला तो माणूस असा इथं येऊन पोचला. “तुज्याच देशांत,” मामा म्हणाले. मी म्हणालो, “तुमच्याही.” त्यावर त्यांनी कुंद्याचा डबा पुढे सरकवला.

मी १९९४ला बेळगावला परतलो. मामा त्यानंतर तीनेक वर्षांनी गेले. त्यांची ती तबकडी माझ्याकडे आहे. ती वाजवायचं यंत्र नाही.

शब्द लिहायचा प्रयत्न मी नंतर केला. भजनासारख्या सरळ चालीवर लिहिणं सर्वांत अवघड, हे मला पन्नाशीत कळलं. मोकळ्या कवितेत एखादा शब्द लंगडला तर ओळ मोडून निभावता येतं. चालीत समेवर जो शब्द येईल तोच येईल. ‘आणि’वर सम पडली की सगळं हसं. मुखडा तीनदा लिहिला, तीनदा फाडला.

२०२४च्या फेब्रुवारीत नातीनं मला तिच्या फोनवर जोनी दाखवली. ग्रॅमी पारितोषिकांचा समारंभ. वय ८०. २०१५ साली मेंदूत रक्तस्राव होऊन ती बोलणं, चालणं, गिटार सगळं पुन्हा पहिल्यापासून शिकली होती. नक्षीदार खुर्चीत बसून, हातातल्या काठीवर ताल धरून, आपलंच पंचविशीच्या आतलं गाणं ती तळातल्या आवाजात गात होती. आवाजात पूर्वीचं काहीच उरलेलं नव्हतं आणि गाण्यात काही उणं नव्हतं.

त्याच आठवड्यात मी धारवाडला फोन केला. समोरच्या घरातली ती मुलगी लग्न होऊन तिकडे गेली. आता तिलाही नातवंडं आहेत. इतक्या वर्षांत मी तिला एकदाही स्वतःहून फोन केला नव्हता. मी अडखळत विचारलं, “मास्तरांच्या चाली तुला आठवतात का ग?” ती म्हणाली, “चारी आठवतात की, अण्णा. तुमचे शब्द झाले?” मी म्हणालो, नाही झाले. ती थोडी थांबून म्हणाली, “माझ्यापाशी टेप हाय. मी माझी येगळी भरून घेतली होती, पाठांतराला. चिरंजीव म्हणतोय फोनवर घालता येतंय. पर लई घाण हाय बघा, मधी मधी बोलणं हाय.”

ती आली आहे. अठ्ठावीस मिनिटांची. सुरुवातीला बराच वेळ नुसता मागाचा खटका. कुणीतरी पेटीचा भाता झाकतं. मग काकांचा आवाज, जिभेला ओढत आणलेला.

“आला काय गा त्यो बँकेतनं?”

“अजून न्हाई, मास्तर.”

“मग तवर तू ऐक.”

आणि चाल सुरू होते.